गोगलगाईंची माती

घ्या, चहा बशीत ओतून घ्या, निवतोय. आणि ज्याला माझ्यावर हसायचं असेल त्यानं आत्ताच थोडं हसून ठेवा, नंतर पोटात दुखेल. जन्मभर मी लोकांना बनवलं. पाहुण्यांना बनवलं, साहेबाला बनवलं, सासऱ्याला तर लग्नाआधीच बनवलं. पण मला कुणी बनवलं, माहितीय? गोगलगाईंनी! तेही जागचं न हलता!

नवीन मंडळी बसलीत म्हणून आधी माझं थोडं सांगतो. शिक्षण सातवीपर्यंत, नोकरी चाकणच्या एका कंपनीत पेंट शॉपला, आणि नावलौकिक दोन गोष्टींत. एक चेष्टा, दुसरी झोप. थर्ड शिफ्टला रिकाम्या खोक्यात शिरायचं, तोंडाशी पुठ्ठा ओढून घ्यायचा, की सुपरवायझर शेजारनं गेला तरी त्याला वाटायचं, खोकं आहे. आमचा सलीमभाई साक्षीला आहे. तेव्हा माझ्याच लाइनला होता, आता संत तुकाराम नगरात गॅरेज टाकलंय. तो खोक्यावर टिचकी मारून विचारायचा, "आबा, जिंदा हो?"

मी आतून म्हणायचो, "पगार झाला का?"

तर, आकुर्डीच्या आमच्या घरात वरच्या खोलीत अनुजा नावाची पोरगी भाड्यानं राहते. परभणीची. कॉलेजात पीएचडी का काय ते चाललंय. पहिल्या दिवशी मी विचारलं, "कशात गं?"

"डोंगरातल्या गोगलगाई, आबा."

"लाजू नको, खरं सांग."

"खरंच आबा! गोगलगाईच!"

बोला आता! परभणीहून एवढ्या लांब यायचं, अन् कशासाठी, तर गोगलगाई! बरं, ती ज्या डोंगरांत हिंडायची त्यातला एक नेमका आमच्या गावावरचा. मग काय, मी गप्प बसतोय होय? म्हणलं, "आमच्या डोंगरात शिट्टी मारणारी गोगलगाय आहे. पण लाजरी. दगडावर चिडीचूप बसलं तरच वाजवते." पोरगी बिचारी निम्मा दिवस भर पावसात दगडावर बसली. जळवांची मेजवानी झाली. खाली आल्यावर मी ओठ मुडपून शिट्टी वाजवली, तेव्हा कळलं तिला. ही शिट्टी लक्षात ठेवा. पुढं माझ्याच कानाखाली वाजणार आहे.

पण एक सांगतो, चेष्टा केली तरी पोरीचा मला अभिमान. खिडकीखाली तिच्या बरण्या मांडलेल्या असायच्या. एकीत जिलबीसारख्या चपट्या. एकीत भोवऱ्यासारख्या. एकीत गव्हाच्या दाण्याएवढ्या, भिंग लावून बघायच्या. एकीच्या शंखावर तर चक्क लव! मी म्हणलं, "हिला दाढी करायला सांग." आणि एक तिची फार लाडकी. तळहातावर घेऊन म्हणाली, "हिचा वेढा बघा आबा. बाकीच्यांचा उजवीकडं जातो, हिचा डावीकडं."

मी कंपनीतला माणूस, झटक्यात कळलं. "म्हणजे उलट्या आट्यांचा बोल्ट!"

"अगदी बरोबर!"

"पण एकाच डोंगरात एवढ्या जाती कशाला?"

"यांना चालून चालून कुठं जाता येतं, आबा? ओढ्याच्या अलीकडची अलीकडंच राहते, पलीकडची पलीकडं. डोंगर हेच त्यांचं सगळं जग."

पोरीला घाई होती. घरचे लग्नासाठी मागं लागलेले. यंदा काम पुरं झालं तर ठीक, नाहीतर पुस्तकं गुंडाळायची अन् परभणीची गाडी धरायची. दिवाळी झाली, बहिणीचं लग्न निघालं, तिला गावी जाणं भाग पडलं. आल्या आल्या तिच्या मॅडम येऊन या जिवंत गोगलगाई बघणार होत्या. त्यावर पुढचं सगळं ठरायचं होतं.

"आबा, रोज सकाळी थोडं पाणी शिंपडा. आणि समजा विसरलात, तर घाबरू नका. यांचं असं असतं..."

"विसरायला मी काय म्हातारा झालोय? मी गोगलगाईंच्यात जन्माला आलोय! जा, गाडी चुकेल."

"पण ऐका तरी..."

"जा म्हणलं ना!"

गेली. आणि मी विसरलो.

म्हणजे अगदी विसरलो असं नाही. पहिल्या दिवशी शिंपडलं. दुसऱ्या दिवशी सकाळी डोळा उघडला नाही. तिसऱ्या दिवशी म्हणलं, काल नाही घातलं तर आज काय एवढं. जिन्यानं वर गेलो तोवर आठवडा उलटून गेला होता. बरणी उघडली. गपगार! एक हलत नाही, एक शिंग काढत नाही. उलटी करून बघितलं तर प्रत्येकीच्या तोंडावर कागदासारखा पांढरा पापुद्रा धरलेला. हलवल्या तर खडखड वाजतात.

सलीमभाईला फोन लावला. तो गॅरेजमधनं तेलकट हातानंच आला. एक उचलली, कानाला लावली, नखानं टकटक केलं.

"आबा, ही तर गेली."

"आणि ती?"

"ती पण. सगळं खानदान गेलं, राव."

बघा बरं! टिचकी मारून माणूस जिवंत आहे का ते ओळखणारा सलीमभाई! त्यानं निकाल दिल्यावर मी कोण बोलणार?

आता यांचं करायचं काय? घंटागाडीत टाकाव्यात तर ओला कचरा का सुका, यावर आमची अर्धा तास वादावादी. मी म्हणालो जीव होता म्हणजे ओला. तो म्हणाला वाळल्या म्हणजे सुका. शेवटी म्हणलं, दोन्ही नको, माती देऊ. आमची हौसा गच्चीवर थर्माकोलच्या खोक्यांत पालक लावते. ती बचत गटाला गेली होती. हळूच माती उकरली, सगळ्यांना ओळीनं निजवलं, वर पाला सारला. सलीमभाईनं टोपी नीट केली, मी हात जोडले.

आणि मग आमच्या डोक्यातनं ती कल्पना निघाली. नदीवर गोगलगाईंना काय तोटा? स्कूटर काढली, घाटावर गेलो, गुडघाभर पाण्यात उतरलो अन् दगडाखालनं पिशवीभर वेचून आणल्या. मोठ्या मोठ्या बरणीत, छोट्या छोट्या बरणीत. मी म्हणलं, "सलीमभाई, गोगलगाय ती गोगलगाय. त्यांना काय आधार कार्ड असतंय?"

चार दिवस शांतता. फक्त हौसा कुरकुरत होती. "आवं, पालकाला भोकं पडल्यात. मी रोज पानी घालते, पर काय बया खातंय कळंना."

"उंदीर."

"उंदीर आसं जाळीवानी गोल गोल खातो व्हय?"

"शिकलेला असेल."

अनुजा आली. वर गेली. मग जिन्यावरनं हाक, "आबा, बरण्या कुणी उघडल्या होत्या का?"

"छे! मी तर हातही लावला नाही!"

खाली आली तर चेहरा उतरलेला. हातात एक गोगलगाय. "हिचे आटे सुलटे कसे काय झाले?"

मी म्हणलं, "हवापालट."

हसली नाही हो पोरगी. मॅडम आल्या, त्यांनी चष्मा वर केला, खाली केला. "अनुजा, या तर नदीतल्या आहेत. तोंडाला झाकण बघ. डोंगरमाथ्यावरच्या बरणीत या आल्या कुठून? एक तर वर कुठं तरी पाणी आहे आणि आपल्याला माहीत नाही, नाहीतर तू गोळा करतानाच गोंधळ केलास. तसं असेल तर पावसाळ्यातलं सगळंच पुन्हा तपासावं लागेल."

"मॅडम, मी नीट बघून भरल्या होत्या... म्हणजे, मला तसं वाटतंय..."

हे 'वाटतंय' ऐकलं आणि मला कसंतरी झालं. जळवा अंगावर घेऊन जिनं एकेक वेचली, तिला आता स्वतःच्याच डोळ्यांचा भरवसा वाटेना! म्हणलं, बास. छाती पुढं काढली आणि बोललो, "मॅडम, पोरीची चूक नाही. जुन्या मेल्या. या मी नदीवरनं आणून भरल्या."

मॅडम माझ्याकडं बघून गोड हसल्या. "तुम्ही तिची बाजू घेताय, छान वाटलं."

"अहो, खरंच!"

अनुजा म्हणाली, "आबा, ती शिट्टी विसरले नाही मी. चेष्टा करायची ही वेळ आहे का?"

वाजली का नाही? जन्मात एकदा खरं बोललो, आणि कुणी घ्यायला तयार नाही! मॅडमनी ठरवलं, रविवारी डोंगरावर जायचं, वर पाणी आहे का ते बघायचं. वाटाड्या कोण? गावचा माणूस म्हणून मीच! गाडी कुणाची? सलीमभाईची!

म्हणजे बघा हं. नदीतली गोगलगाय मी डोंगराच्या बरणीत घातली, आणि आता ती डोंगरावर कशी गेली हे शोधायला मीच डोंगर चढतोय! गुडघे कुरकुर करतायत, सलीमभाई मागं धापा टाकतोय, मॅडम पुढं चटचट. दर दगडाला थांबून विचारतात, "आबा, इथं पूर्वी झरा होता का?" मी नाही म्हणालो की त्यांना वाटतं लपवतोय. हो म्हणालो की उकरायला बसतात. शेवटी शेवटी माझंच डोकं फिरलं. वाटायला लागलं, असेलही बुवा वर नदी. आपल्याला काय माहीत?

माथ्यावर पोचलो. एक जुनं दगडी टाकं. कोरडं ठाक. आत एक शेळी बसलेली. तिनं आमच्याकडं असं बघितलं, जशी काही तीच एकटी शहाणी.

मॅडम टाक्याच्या काठावर बसल्या. "नाही पाणी. अनुजा, मग तुझंच चुकलं म्हणायचं." पोरीनं मान खाली घातली.

मी डोक्यावरची टोपी काढून खाली ठेवली. "आईच्यान सांगतो मॅडम, मीच बदलल्या. सलीमभाई, सांग ना रे!"

"हां मॅडम, मीच स्कूटर चालवत होतो."

मॅडमनी आम्हा दोघांकडं आळीपाळीनं बघितलं. "बरं, मग मेलेल्या कुठं आहेत?"

"पालकात."

झालं! मॅडम हसल्या, डोळे पुसत अनुजाही हसली. शेळीसुद्धा ओरडली. मी मात्र घामाघूम. सत्य हे असं असतं बघा, सांगायला गेलं की खोट्याहून खोटं वाटतं.

तेवढ्यात खिशात फोन वाजला. हौसा. व्हिडिओ कॉल. तिचं अर्धं कपाळ आणि वर आभाळ दिसतंय, आणि आवाज आख्ख्या डोंगराला ऐकू जाईल असा. "आवं! त्या पोरीच्या गोगलगाई माझा आख्खा पालक खाऊन भिताडावर चढल्यात!"

"काहीतरी बोलू नकोस, त्या मेल्यात!"

"मेल्यात, मंग खातंय कोन? तुमचा शिकल्याला उंदीर?"

तिनं फोन फिरवला. तुम्हाला सांगतो, माझ्या अंगावर सरसरून काटा आला. मी स्वतः पुरलेल्या, हात जोडलेल्या, सगळ्याच्या सगळ्या शिंगं काढून गच्चीच्या कठड्यावर रांगेनं चाललेल्या! जिलबी, भोवरा, ती दाढीवाली. सलीमभाईनं तर कानालाच हात लावले.

अनुजानं माझ्या हातातनं फोन ओढून घेतला. "मावशी, त्या टोकाची दाखवा! जवळ! अजून जवळ!" आणि एकदम किंचाळली, "मॅडम, डावरी! माझी डावरी! जिवंत आहे!" मॅडमनी चष्मा काढून फोन डोळ्यांना लावला. बघतच राहिल्या. मग म्हणाल्या, "अनुजा, तुझं काही चुकलं नाही गं. अगदी काही नाही." तशी पोरगी टाक्याच्या काठावर बसली आणि हसत हसत रडायला लागली.

मी अजून गोंधळातच. "पण मेल्या होत्या ना? पापुद्रा धरला होता की तोंडाला!"

"हेच तर तुम्हाला सांगत होते मी जाताना! पाणी नाही मिळालं तर त्या मरत नाहीत, आबा. शंखात आत सरकतात, तोंडावर पडदा ओढतात आणि पाऊस येईपर्यंत झोपतात. मावशींनी पालकाला पाणी घातलं, त्या उठल्या."

मग सलीमभाईच्या खांद्यांना हिसके बसायला लागले. मला वाटलं चढ बाधला. पण तो पोट धरून खाली बसला होता.

"मॅडम," तो कसाबसा बोलला, "या माणसानं आख्खी नोकरी खोक्यात शिरून, तोंडाशी पुठ्ठा ओढून काढली. आन् ह्यालाच झोप वळखता आली नाही!"

आता अनुजाचं काम मार्गी लागलंय, परभणीची गाडी चुकली ती चुकलीच. नदीतल्या गोगलगाई मी माझ्या हातानं नदीत सोडून आलो. पालकही पुन्हा उगवला. नुकसान झालं ते फक्त माझं. दुपारी जेवून जरा आडवा झालो, डोळ्याला डोळा लागला, की हौसा तांब्या घेऊन येते आणि तोंडावर बचाबचा पाणी मारते. मी दचकून उठून बसलो की म्हणते, "काय न्हाई, झोपा. मातीला मानसं बोलवायच्या आधी एकदा बघून घेतलं."