सुमनताईंचं झाड आणि माझे चिमटे

आता तुमच्यापासून काय लपवायचं? चहा घ्या आणि ऐका. मी बँकेतून निवृत्त झालेला माणूस. सगळी हयात लोकांना 'फॉर्म नीट वाचून भरा' असं ओरडण्यात गेली. आणि माझी अब्रू घालवली कोणी? एका कुंडीने!

आमच्या कर्वेनगरच्या सोसायटीत समोरच्या फ्लॅटमध्ये सुमनताई राहतात. मूळच्या नागपूरच्या, एकट्याच असतात. मुलगा मयूर जर्मनीत. पाच वर्षांपूर्वी त्या राहायला आल्या आणि दुसऱ्याच दिवशी दुपारी अडीच वाजता, ताटलीत गरम सांबारवडी, म्हणजे नागपूरकडची कोथिंबिरीची वडी, घेऊन त्यांनी आमची बेल वाजवली.

अडीच वाजता! आमच्या दारावर ठळक अक्षरात पाटी आहे: 'दुपारी एक ते चार बेल वाजवू नये. वाचता येत असल्यास.' मी दार किलकिलं केलं, बोटाने पाटी दाखवली आणि दार लावलं.

हो, वडी न घेता लावलं! पुढची तीन वर्षं बाई माझ्याशी बोलल्या नाहीत. माझ्या बायकोशी, नलिनीशी गप्पा चालायच्या. मी लिफ्टपाशी दिसलो की चार मजले जिन्याने चढायच्या. नलिनीने कसंबसं जुळवून आणलं, तेव्हा कुठे मला त्यांच्या घरची चकली मिळाली.

म्हणून गेल्या मार्चमध्ये, बहिणीच्या गुडघ्याच्या ऑपरेशनसाठी बारा दिवस नागपूरला निघताना त्यांनी घराची किल्ली माझ्या हातात ठेवली, तेव्हा मला केवढं बरं वाटलं असेल!

"फक्त मयूरचं झाड पाहा हो," त्या म्हणाल्या. "जाताना देऊन गेला तो. ते टवटवीत दिसलं ना, की मला वाटते, पोरगा तिकडे बरा आहे. वेडेपणा आहे, पण वाटते."

झाडाचं नाव कॅलेथिया. रुंद पानं, वरून हिरवी नक्षी, खालून वांगी रंग. सोबत त्यांनी एक चिठ्ठी दिली. पुण्यात राहून बाई लिहायला शिकल्या होत्या. 'उन्हात ठेवू नये. नळाचं पाणी थेट घालू नये, आदल्या दिवशी भरून ठेवलेलं घालावं. माती ओली असल्यास पाणी घालू नये.' असं करत करत सहावी सूचना: 'स्वतःची अक्कल वापरू नये.'

मला! सूचना! मी चिठ्ठी घडी करून खिशात टाकली.

"पूर्ण वाचली ना?"

"वाचली हो," मी जरा तुटकच म्हणालो.

पहिल्या दिवशी संध्याकाळी सातला त्यांच्या खिडक्या लावायला गेलो आणि दारातच थबकलो. झाडाची सगळी पानं उभी राहून मिटली होती! सकाळी पसरलेलं झाड, आता अंग चोरून उभं. पहिल्याच दिवशी? नागपूरची गाडी अजून धड दौंडलासुद्धा पोचली नसेल!

तांब्याभर पाणी घातलं. रात्री डोळ्याला डोळा नाही. सकाळी सहाला धावत गेलो, तर झाड मस्त पसरलेलं. पाणी लागू पडलं! मी स्वतःच्याच पाठीवर थाप मारली.

साडेआठला सुमनताईंचा व्हिडिओ कॉल. "दाखवा बरं." दाखवलं. "वा, छान ठेवलं हो तुम्ही!"

संध्याकाळी सात. पानं पुन्हा उभी.

आता तुम्हीच सांगा, काय समजायचं माणसाने? मी दोन तांबे घातले. सकाळी ठीक. तिसऱ्या संध्याकाळी पुन्हा तेच. पाचव्या दिवशी कुंडीत चिखल झाला आणि पानांच्या कडा तपकिरी व्हायला लागल्या.

नलिनी म्हणाली, "अहो, सुमनताईंना सरळ विचारा ना."

"तीन वर्षांचा अबोला विसरलीस? झाड गेलं असं सांगू त्यांना? त्या माऊलीचा जीव अडकलाय त्यात!"

सकाळी फोटो काढून नर्सरीत गेलो. मालकाने चष्मा वर केला. "कडा जरा जळल्यात. पाणी कमी करा. बाकी काय झालंय?"

"रोज मरतंय हो."

"रोज?" त्याने एकदा फोटोकडे आणि एकदा माझ्याकडे पाहिलं. "काका, फोटोत तर त्याची तब्येत तुमच्यापेक्षा चांगली दिसतेय."

या गावात सहानुभूती मिळायची नाही. मग मीच निष्कर्ष काढला: अंधार पडला की मिटतं, म्हणजे उजेड कमी पडतोय. त्या रात्रीपासून खोलीतली ट्यूब चालू आणि शेजारी आमचा टेबल लॅम्प, थेट झाडाच्या तोंडावर. तासातासाने जाऊन बोटाने पानं उघडायचो. "ऊठ रे बाबा," म्हणायचो. हसू नका, खरंच म्हणायचो. मयूरचं झाड होतं ते.

नवव्या दिवशी साडेआठला सुमनताईंचा फोन. "आज मयूरला संध्याकाळी वेळ आहे. सातला तिघं मिळून बोलू. त्याला झाड पाहायचे आहे."

सातला! नेमकं सातला!

दिवसभर जेवण गेलं नाही. पावणेसातला पानं उभी राहायला लागली, तशी मी नलिनीची कपडे वाळत घालायच्या चिमट्यांची टोपली पळवली. प्रत्येक पानाला एक चिमटा, चिमट्याला दोरा, दोरा खाली ओढून कुंडीला बांधलेला. नऊ पानं, नऊ चिमटे. नलिनी दारात कमरेवर हात ठेवून उभी.

"हे झाड आहे की वाळत घातलेला शर्ट?"

"तू फोन धर. लांबून. आणि हलवत राहा."

फोन वाजला. एका चौकटीत सुमनताई, एकीत मयूर. मी कुंडीमागे दोरे धरून ओणवा.

"काका, जरा जवळून दाखवा ना," मयूर म्हणाला.

"रेंज नाही रे!" मी मागून ओरडलो, आणि टक्! एक चिमटा उडाला. पान ताडकन उभं. टक्! दुसरा. तिसरा माझ्या चष्म्यावर आदळला.

"आई," मयूर म्हणाला, "त्याला चिमटे लावलेत?"

"काय करून राहिले हो तुम्ही?" सुमनताई ओरडल्या.

माझा बांधच फुटला. "ताई, मला माफ करा! मी मारलं तुमचं झाड! रोज संध्याकाळी मरतं, रात्रभर दिवे लावून रोज सकाळी मी जिवंत करतो. आता माझ्याच्याने होत नाही हो!" डोळ्यांत खरंच पाणी आलं होतं.

मयूर हसत हसत खुर्चीवरून खाली गेला. सुमनताई हसल्या नाहीत.

"चिठ्ठी आहे खिशात?"

"आहे."

"उलटी करा."

मी उलटी केली. मागे लिहिलं होतं: 'सात. संध्याकाळी पानं मिटतात. झाड झोपते. घाबरू नये. उठवू नये.'

"इतके दिवस झोपू नाही दिलं तुम्ही त्याला!"

दुपारच्या झोपेसाठी गरम सांबारवडी परत पाठवणारा माणूस मी!

त्या परत आल्या. तीन पानं कापावी लागली, पण झाड जगलं. दुसऱ्या दिवशी त्यांच्या दाराच्या कडीला पुठ्ठ्याची पाटी लटकलेली: 'झाड झोपले आहे. संध्याकाळी सहा ते सकाळी सहा दिवा किंवा चिमटा लावू नये. वाचता येत असल्यास.'

मला झोंबली. अख्ख्या मजल्यासमोर? आता पुन्हा अबोला, हे मी समजून चुकलो. वाईट वाटलं, रागही आला. दोन दिवस मी त्या दाराकडे न बघता जात-येत होतो.

तिसऱ्या दिवशी पाच वाजता नलिनी पदराला हात पुसत समोरून आली.

"कुठे होतीस?"

"सुमनताईंकडे. सांबारवडी काय झाली होती म्हणून सांगू!"

"आणि मला बोलावलं नाही?"

"दोघांनाही बोलावलं होतं की. वाट बघून बघून तुमच्या वाटणीच्या मीच खाल्ल्या."

"कधी बोलावलं? मला कोणी सांगितलं नाही!"

"अहो," नलिनी म्हणाली, "पाटीच्या मागे लिहिलंय."