हप्ता वाढला नाही म्हणून पेढे

विश्रामबागेतल्या आमच्या इमारतीत आठ फ्लॅट आहेत आणि आठही फ्लॅटवर गृहकर्ज आहे. त्यामुळे किस्से शोधायला मला कुठे जावं लागत नाही. जिन्यात दोघं भेटले आणि एकानं "गेला का हो हप्ता?" असं विचारलं, की समजायचं, आता काहीतरी निघणार. दर महिन्याच्या पाच तारखेला आठही घरांतले मोबाईल पाच-दहा मिनिटांच्या फरकानं वाजतात. बाकीच्या इमारतींत लोक सिरियलवर बोलतात, आम्ही व्याजदरावर! मी कॉलेजात गणित शिकवते, म्हणून सगळ्यांचे कागद शेवटी माझ्याच डायनिंग टेबलावर येतात. आलेला माणूस भडंग खातो, चहा पितो आणि जाताना एक किस्सा ठेवून जातो. असे इतके साठलेत की आता कुणाला तरी सांगितल्याशिवाय राहवत नाही.

सुरुवात स्वतःपासूनच करते, म्हणजे कुणी रुसायला नको.

*

घर घेताना मी आणि माझा नवरा अजित, आम्ही दोघांनी मिळून एकच प्रश्न विचारला होता. "हप्ता बसतोय का?"

तीस लाखांचं कर्ज, वीस वर्षं, पावणेसात टक्के. हप्ता बावीस हजार आठशे अकरा. दोघांच्या पगारात तो बसत होता. बसला म्हणून आम्ही त्या दिवशी बाहेर जेवायला गेलो.

आता गंमत ऐका. बारावी कॉमर्सला हप्त्यांचा हा धडा मी एकोणीस वर्षं शिकवतेय. पुस्तकातली तीच ती उदाहरणं शिकवून कंटाळा आला होता, म्हणून एक दिवस फळ्यावर मी आमचेच आकडे लिहिले. नाव दिलं 'एक व्यक्ती'. बावीस हजार आठशे अकरा गुणिले दोनशे चाळीस महिने. उत्तर आलं चोपन्न लाख चौऱ्याहत्तर हजार. तीस लाख वजा केले, उरलं पावणेपंचवीस लाख नुसतं व्याज.

माझा खडू फळ्यावर तसाच टेकून राहिला.

पहिल्या बाकावरच्या मुलीनं हात वर केला. "मॅडम, या व्यक्तीनं आधी हा गुणाकार केला नव्हता का?"

"नाही," मी म्हटलं.

"शिकलेली नव्हती का?"

"त्या बाई गणित शिकवतात," मी म्हटलं आणि फळा पुसला.

*

शहाणपण आलं म्हणता? छे! वर्षभरात अजितला मॉड्युलर किचनची हौस आली. अडीच लाखांचं काम. बँकेतून फोन आला की तुम्हाला होमलोनवर वाढीव कर्ज मिळतंय, महिन्याला फक्त दोन हजार एकशे सत्तर. अजित म्हणाला, "कळणारसुद्धा नाही गं." आणि खरंच, किचन उभं राहीपर्यंत काही कळलं नाही.

मग एका रविवारी मी हिशोब मांडला. साडेआठ टक्क्यांनी वीस वर्षं, म्हणजे प्रत्येक वस्तू दुपटीच्या वर! मला इतका राग आला की मी चिकटपट्ट्या आणल्या आणि प्रत्येक वस्तूवर तिचा खरा भाव लिहून चिकटवला. ट्रॉल्या, ओटा, सिंक, कशालाच सोडलं नाही. चिमणीवर लिहिलं: 'दुकानात अठरा हजार. आपल्याला साडेसदतीस हजार.' अजितनं ते वाचलं आणि आठवडाभर स्वयंपाकघरात पाय ठेवला नाही.

त्याच सुमारास कराडहून सासूबाई आल्या. चष्मा लावून त्यांनी सगळ्या पट्ट्या सावकाश वाचल्या. संध्याकाळी मी फोडणी टाकली आणि चिमणीचं बटण दाबलं, तर त्यांनी येऊन ते बंद केलं.

"अगं, साडेसदतीस हजारांची वस्तू आणि धुरात कशाला खराब करतेस?"

त्या पंधरा दिवस राहिल्या. पंधरा दिवस आम्ही खिडकी उघडून खोकत स्वयंपाक केला, पण त्यांनी चिमणी लावू दिली नाही.

*

आता सुभेदारकाका. तळमजल्यावर राहतात, मूळचे खटावकडचे. फौजेतून निवृत्त झाल्यावर मिरजेच्या एका हॉस्पिटलात सिक्युरिटीचं काम बघतात. सत्तावन्नाव्या वर्षी त्यांनी चोवीस लाखांचं कर्ज काढलं, वीस वर्षांचं. त्या वयाला एकट्याला मिळेना, म्हणून मुलगा सचिन कर्जात सोबत. तोही फौजेत आहे, आसामकडे.

मध्ये व्याजदर भराभर वाढत गेले ते आठवतंय ना? पावणेसातचे नऊ झाले. सगळी इमारत धास्तावलेली. अशात काकांना बँकेचं पत्र आलं. त्यात स्वच्छ लिहिलेलं, आपला मासिक हप्ता आहे तेवढाच राहील. काका दुसऱ्याच दिवशी साताऱ्याला कामाला गेले होते, येताना दोन किलो कंदी पेढे घेऊन आले आणि आठही घरांत स्वतः वाटले.

"बगा मॅडम," मला म्हणाले, "जवान मानसाला बँक बी मान देती. याज वाढलं, पर हप्ता एक रुपया न्हाई वाढला."

मी पेढा तोंडात टाकला आणि सहज म्हणून पत्र उलटवलं. मागच्या बाजूला बारीक अक्षरात होतं: उर्वरित मुदत तीनशे एकोणनव्वद महिने.

"काका, तुम्ही हप्ते किती भरलेत?"

"दोन वर्सं झाली. एक चुकला न्हाई."

"मग राहिली किती?"

"अठरा."

"बत्तीस राहिलीत काका. आणि वर पाच महिने."

काका हसले. छपाईची चूक असणार म्हणाले. मग मी कागद घेऊन सगळं मांडलं. दोन वर्षांत काकांनी चार लाख अडतीस हजार भरले होते आणि त्यातलं मुद्दलात गेलं होतं जेमतेम एक लाख. बाकी सगळं व्याजात. हप्ता वाढवला नाही म्हणून बँकेनं वर्षं वाढवली होती. हे असंच चाललं तर चोवीस लाखांच्या घरापायी पंचाहत्तर लाख जाणार होते.

काका बोटांवर काहीतरी मोजत बसले. मला वाटलं, पैसे मोजतायत. ते वय मोजत होते.

"एक्क्याण्णवाव्या वर्सी सुटनार म्हना की मी."

मला हसू आलं, पण त्यांच्याकडे बघून ते तोंडातच राहिलं. काका अगदी हळू बोलले. "मॅडम, मी काय एक्क्याण्णव वर्सं जगत न्हाई. म्हंजी ह्ये सचिनच्या गळ्यात जानार. त्याला सही करताना मी शब्द दिलाय, तुला एक हप्ता भरावा लागनार न्हाई म्हनून. सत्तरीच्या आत ह्ये मिटलंच पायजे."

काकूंना त्यांनी काही सांगितलं नाही. आम्हालाही बजावलं. त्या दिवसापासून इमारतीत काकांची सत्तरी हा सगळ्यांचाच प्रश्न झाला. मला तर रात्रंदिवस दुसरं काही सुचेना.

*

मुदत वाढते कशी, हे मी काकांना चार वेळा सूत्रानं समजावलं. पाचव्या वेळी गच्चीवर बिरूभाऊ हाके होते, त्यांनी एका मिनिटात समजावलं.

बिरूभाऊ दुसऱ्या मजल्यावरचे, आटपाडीकडचे. त्यांचे दोन ट्रक डाळिंबं वाहतात, पण वडिलांची मेंढरं अजून गावाकडं आहेत. त्यांच्याकडे एक पद्धत असते. आपली मेंढी दुसऱ्याला पाळायला द्यायची आणि होतील ती पिल्लं निम्मी-निम्मी वाटून घ्यायची. याला ते अर्धलीनं देणं म्हणतात.

"काका," बिरूभाऊ म्हणाले, "तुमी बँकेची मेंढरं पाळाय आनली. चारापानी तुमचं, राखन तुमची. पर हितं अर्धल न्हाई. पिल्लं समदी बँकेची. आन शेवटाला मेंढरंबी परत द्यायची."

"मग म्या करायचं काय?"

"पिल्लं देत बसू नगा. मेंढरं परत करा. एक-एक करून न्हाई, जमतील तेवढी कळपानं. मेंढी गेली की तिची फुडची समदी पिल्लं गेली."

मी वहीत लिहून घेतलं. मुद्दल लवकर फेडा, हे एकोणीस वर्षांत मला इतकं सरळ सांगता आलं नव्हतं!

काकांना एक शंका आली. "आरं पर बिरू, समदं बँकेचं, तर मग आमाला काय मिळालं?"

"मेंढरासंगं ऱ्हायला मिळालं की."

*

शमशाद सिस्टरचा किस्सा सांगायलाच हवा. सिस्टर मिरजेच्या हॉस्पिटलात नर्स. इमारतीत पहिलं बुकिंग त्यांचं, त्यालाही आता सात वर्षं झाली. कुठल्या बँकेचा दर कमी झाला की सिस्टर लगेच कर्ज तिकडे हलवणार. तीनदा हलवलं. प्रत्येक वेळी हप्ता पाचशे-सातशेनं उतरायचा आणि सिस्टर आम्हा सगळ्यांना भोळं समजायच्या.

काकांचं प्रकरण कानावर गेल्यावर त्या पहिल्यांदाच आपली फाइल घेऊन माझ्याकडे आल्या. मी तिन्ही नव्या करारांतली मुदत शेजारी-शेजारी लिहिली. वीस वर्षं, वीस वर्षं, वीस वर्षं. दर वेळी नवी बँक, नवी प्रोसेसिंग फी आणि घड्याळ पुन्हा पहिल्यापासून सुरू. सात वर्षं हप्ते भरून सिस्टर जवळपास होत्या तिथेच होत्या.

त्यांनी तिन्ही आकड्यांखालून बोट फिरवलं. मग फाइल मिटली.

"म्हणजे पेशंट बरा होतच नव्हता मॅडम. मी नुसतं हॉस्पिटल बदलत होते."

दुसऱ्या दिवशी त्या बँकेत गेल्या आणि हप्ता जुना होता तेवढा करून मागितला. काउंटरवरच्या मुलीनं तीनदा विचारलं म्हणे, वाढवायचाय की कमी करायचाय?

*

आणि आता शेवटचा. हा मी डोळ्यांनी बघितलाय.

काकांची तीन लाखांची एफडी पिकली. गाडी घ्यायची म्हणून ठेवलेले पैसे. काका म्हणाले, गाडी नको, कळपानं परत करू. तोवर त्यांना साठ पूर्ण झाली होती. म्हणजे हातात दहा वर्षं. आम्ही चौघं बँकेत गेलो. काका, मी, बिरूभाऊ आणि काकू. घर दोघांच्या नावावर, त्यामुळे काकूंची सही लागणार होती. सचिनची परवानगी मेलवर आली होती. काकूंना काकांनी सांगितलं होतं, किरकोळ काम आहे.

कर्ज जवळपास तेवीस लाख राहिलं होतं. बँकेच्या साहेबांनी तीन लाख वळते केले आणि कॉम्प्युटरवर बघून म्हणाले, "हप्ता तोच ठेवला तर आता एकोणीस वर्षं तीन महिने."

बत्तीसची एकोणीस! बिरूभाऊंनी माझ्या हातावर टाळी दिली. काका मात्र हलले नाहीत. "आनखी खाली आना. हप्ता वीस हजार करा."

"पंधरा वर्षं सहा महिने."

"बावीस."

"बारा वर्षं दहा महिने."

आता आजूबाजूचे लोक वळून बघायला लागले. पासबुक भरायला आलेले दोघं रांग सोडून आमच्या मागे येऊन उभे राहिले. हळदीचा सौदा चालावा तसं झालं, फक्त इथे बोली चढत होती आणि सगळे आकडा उतरायची वाट बघत होते.

"चोवीस," काका म्हणाले.

"अकरा वर्षं."

काकांनी खिशातून चिठ्ठी काढली. पेन्शन, पगार, किराणा, औषधं, लाईटबिल, सगळं त्यावर लिहिलेलं होतं. त्यांनी ती दोनदा वाचली. "पंचवीस. ह्याच्या वर माजी ताकद न्हाई."

साहेबांनी बटण दाबलं. "दहा वर्षं तीन महिने."

तीन महिने! नेमके तीन महिने जास्त. मागचे दोघंही चुकचुकले. साहेब समजुतीनं म्हणाले, "काका, तीन महिन्यांनी काय फरक पडतो?" चिठ्ठीची घडी घालून काकांनी ती खिशात ठेवली आणि सहीसाठी पेन मागितलं.

"सव्वीस करा," काकू म्हणाल्या.

आल्यापासून त्यांनी एक शब्द काढला नव्हता. आम्ही सगळे त्यांच्याकडे बघायला लागलो.

"आगं, वरचा हजार आनायचा कुठनं?" काका म्हणाले.

"सायेब, तुमी सव्वीस करून बगा."

साहेबांनी केले. "नऊ वर्षं आठ महिने."

"मी काय इचारतोय?" काकांचा आवाज जरा चढला. "दर म्हैन्याला हजार रुपये. कुठनं येनार?"

काकूंनी पदर सावरला, साहेबांच्या हातातलं पेन घेतलं आणि आधी स्वतःची सही केली. मग पेन काकांच्या पुढे धरलं.

"तुमी लेहला व्हता तवा दोन-दोन म्हैनं मनीऑर्डर यायची न्हाई. तवा मी कुठनं आनत हुते, ह्ये कदी इचारलं न्हाईत. आता बी इचारू नगा."

काका खुर्चीतून उठले. त्यांनी उभं राहूनच सही केली.