लाईट न लावलेलं लग्न

माझा थोरला भाऊ चाकूरला लग्नांचे व्हिडिओ काढायचा. तो गेल्याला चार महिने झाले. एका फ्रेंच छायालेखकाच्या कारकिर्दीवरचा लेख मीच त्याला वाचून दाखवला होता. त्या माणसाने कित्येक चित्रपट नुसत्या खिडकीच्या उजेडात टिपले होते. दादाला ते इतकं पटलं की जवळच्या खेड्यातल्या एका लग्नात त्याने मोठा लाईट लावलाच नाही.

आमच्याकडे लाईट पेटला की पाहुणे पदर, टोप्या सावरून ताठ बसतात. त्या दिवशी सगळ्यांना वाटलं, शूटिंग बंद आहे. त्यामुळे व्हिडिओत नवरीचा मामा रुमालात लाडू बांधताना आला आणि विहीणबाई चक्क घोरताना.

व्हिडिओ अर्धाच बघून नवरीचे वडील दादाच्या दुकानात आले. "लेकीचं लग्न हाय का तमाशा? आता गावात तुला कोण बोलावतंय बघतो!"

दादाचा चेहरा उतरला. त्याने पाठवणीचा भाग लावला. दारातून आलेल्या उजेडात नवरी वडिलांचा सुटलेला फेटा नीट करत होती.

"हे कधी घेतलंस?"

"तुमचं लक्ष नव्हतं तेव्हा, काका."

त्यांनी तो भाग पुन्हा लावायला सांगितला. मग उठत म्हणाले, "धाकटीच्या लग्नाला तूच ये. अन् शूटिंग कधी चालू केलंस ते मलाबी सांगू नको."