हिराच्या नावानं खेळलेले तीन हंगाम

सत्काराच्या दिवशी देवळासमोरच्या पटांगणात कोण कोण होतं ते आधी सांगते. माझे सासरे पुढं खुर्चीवर बसलेले, गळ्यात हार. सासूबाई बायकांत. माझे मालक मागं खांबाला टेकून उभे, कापडाच्या लूमची ड्युटी सोडून आलेले. आम्हाला कबड्डी शिकवणारे मधू मास्तर. संघातल्या सहा जणी, यमुना, सुमन, बेबी, गुलाब, कुसुम आन् धाकटी शांती. माझी नणंद हिरा. आन् मी जनाबाई, त्या घरची सून, बोटाला धरलेला माझा मुलगा. यातली मोठी माणसं कधीच गेली. गेल्या महिन्यात हिरा गेली. भाच्याचा फोन आला तेव्हा मी तांदूळ निवडत होते. ताट खाली ठेवलं, लुगडं बदललं आन् निघाले. काल्हेरच्या रस्त्याला तिचा फोटो लागला होता, माझ्याहून उंच. खाली लिहिलेलं, गावची पहिली कबड्डीपटू. मी चौथी शिकलेली, वाचता येतं मला. रिक्षावाल्याला थांब म्हणाले, पुन्हा एकदा वाचलं, आन् मग पुढं गेले.

सत्तर सालानंतरची ती वर्षं. गावचं कबड्डी मंडळ तेव्हा बाप्यांचंच होतं. मास्तर म्हणजे शाळेतले न्हाय. धामणकर नाक्याजवळच्या कारखान्यात ते आन् माझे मालक एका शिफ्टला लूम चालवायचे. पण खेळ शिकवायचे म्हणून सगळे मास्तरच म्हणत. पोरींचा संघ काढायचं त्यांनीच मनावर घेतलं. भात कापून झालं की एका शेतातली ढेकळं फोडायची, पाणी मारायचं, शेणानं सारवायचं, की झालं मैदान. सारवायला आम्ही सुना, खेळायला गावच्या पोरी. हिरा सतरा वर्षांची, मी एकोणिसाची. सासऱ्यांनी तिला सोडलं, पण एका अटीवर. म्हणाले, "बाहेरगावी एकटी पोर जायची न्हाय. वहिनी सोबत जाईल." सून घराबाहेर पडायची वाट त्यांनीच करून दिली, त्यांना कळलं न्हाय.

खारबावला सामने होते. हिराचा गुडघा सकाळीच मुरगळला, सुजून टम्म झाला. संघात सहाच उरल्या, आन् अर्जावर नावं आधीच गेलेली. मास्तर माझ्याकडं आले.
"वहिनी, अंगणात सरावाला हिराला रोज धरतं कोण?"
"मीच धरते."
"मग उतरा."
मी म्हणाले, मास्तर, चेष्टा करू नका, घरी कळलं तर मला विहीर जवळ करावी लागंल. तेवढ्यात हिरा लंगडत आली आन् तिनं माझा पदरच ओढला. "वहिनी, माझ्या नावानं खेळ ना. नाव माझं, पाय तुझे. बापाला कोण सांगणार हाय?" शाळेच्या खोलीत तिनं माझं लुगडं नेसलं, मी तिची हाफ पँट आन् सदरा घातला. गुडघे उघडे पडले तसं मला रडायलाच आलं. ती म्हणाली, "रडतेस काय, चांगले हायेत की गुडघे!"

पहिल्याच चढाईला मी दोघींना मारून परत आले. पोरी चढाई करून परतताना पाठ फिरवायच्या, मग पाय धरले जायचे. मी पाठ फिरवलीच न्हाय. आवणीला, भाताची रोपं लावताना, बाई वाकून मागं मागं सरकते, चिखलात, नजर पुढं... तशीच मी मधल्या रेघेपर्यंत आले. मास्तर म्हणाले, "हे कुणी शिकवलं?" मी म्हणाले, "सासूबाईंनी." सगळ्या पोरी हसून लोळल्या.

एका दिवसापुरतं होतं ते. पण हिराचा गुडघा बरा झाला तरी मास्तरांनी मलाच उतरवलं. असे तीन हंगाम गेले. घरून निघताना ती खेळाडू, मी सोबतीण. मैदानावर मी हिरा, आन् ती माझ्या लुगड्यात, माझ्या पोराला मांडीवर घेऊन रेघेबाहेर बसायची. गावात बऱ्याच जणांना माहीत होतं. मालकांनाही. फक्त सासऱ्यांना न्हाय. ठाण्याला शेवटचा सामना झाला, तेव्हा माणूस मावत नव्हता मैदानाला. सगळे ओरडत होते, हिरा, हिरा. रेघेबाहेर माझं पोर काखेत धरून तीही ओरडत होती, हिरा, हिरा. तेव्हा मला हसू आलं होतं. तिला काय वाटत असंल, हे माझ्या मनातच आलं न्हाय. शेवटच्या चढाईला मी रेघेवर पडले, हात पलीकडं, आन् आम्ही जिंकलो.

गावानं सत्कार ठेवला. आदल्या दिवशी आम्ही दोघी खाडीवर धुणं धूत होतो. ती म्हणाली, "वहिनी, उद्या मी सांगून टाकते. चार माणसांत बा काय करील? गळ्यात हार असताना माणूस रागावतो का?" मी म्हणाले, नको, मारतील. तर म्हणाली, "मला मारतील, तुला न्हाय." मी त्या दिवशी धुणं कसं पिळलं मला आठवत न्हाय. वाटत होतं, एकदा का माझं नाव घेतलं की पुढच्या वर्षी माझंच नाव अर्जावर लागंल. लपायला नको, लुगडं बदलायला नको. मला दुसरं काय पाहिजे होतं? मला खेळायचं होतं.

मास्तरांनी पुकारलं, "हिरा." ती उठली. शाल घेतली, नारळ घेतला, प्रमाणपत्राचा कागद घेतला. मास्तरांनी तिच्याकडं बघितलं. मी बघितलं. सहाही पोरी बघत होत्या. ती बापाच्या पाया पडली आन् खाली येऊन बसली... एवढंच झालं. मास्तर पुढचं नाव वाचायला लागले. खांबाजवळ मालक मान खाली घालून उभे. घरी आल्यावर म्हणाले, "जाऊ दे गं. घर शांत राहिलं ना." माझा मुलगा चार वर्षांचा, तो एकटाच आजोबांना म्हणाला, "आई खेळते." सासरे हसले. म्हणाले, "हो, भातुकली."

त्या कागदावर हिराला सरकारी कचेरीत नोकरी लागली, शिपायाची. मग लग्न झालं, भिवंडीत बिऱ्हाड झालं. आन् ती खेळायची बंद झाली त्या दिवशी मीही बंद झाले. सोबतीण लागणार कुणाला? पुढच्या हंगामाला मैदान सारवायला मात्र बोलावलं. मी गेले. सारवलं, आन् पोरी सरावाला यायच्या आत घरी आले.

एकदाच बोलले मी तिला, तिच्या थोरल्याच्या बारशाला. "सांगणार होतीस ना?" ती पाळण्याला गाठ मारत होती. म्हणाली, "सांगितलं असतं तर तुला कोण पाठवणार होतं खेळायला? बा? दादा?" मग मान वर न करता म्हणाली, "आन् जागा माझी होती, वहिनी. मी बरी झाले होते. तू उठलीस का?" उठले नव्हते मी, खरं हाय. पण मी कुणाला शब्द दिला नव्हता. तिनं दिला होता.

बाकी ती वाईट नव्हती. मालकांचा लूमवर हात गेला तेव्हा सहा महिने डबा तिच्या घरून आला. माझ्या पोरीला तिनंच शाळेत घातलं. लग्नाकार्यात पहिली साडी मला. मी नेसायची. न नेसायचं कारण सांगणार कुणाला?

ती जायच्या आधी पंधरा दिवस मी भेटायला गेले. अंगात काही राहिलं नव्हतं तिच्या. मला वाटलं, आज बोलंल. सुनेला बाहेर पाठवलं, दार लोटून घ्यायला लावलं. मला म्हणाली, "वहिनी, ठाण्याला शेवटच्या चढाईला तुझा दम सुटला होता ना? रेघेच्या अलीकडंच?"
मी म्हणाले, "सुटला होता."
"पंचाला दिसलं न्हाय. मी समोरच होते. एवढी वर्षं कुणाला बोलले न्हाय."
असं म्हणाली आन् माझा हात थोपटला, जसं काही आमची फिटंफाट झाली. मी तिला पाणी पाजलं आन् घरी आले. रस्ताभर एकच येत होतं मनात, माझी जीत तर तिच्या नावावर गेलीच, पण माझी लबाडीसुद्धा तिच्याच नावावर गेली. माझ्या नावावर काहीच राहिलं न्हाय. चांगलं न्हाय, वाईटही न्हाय.

शोकसभेत मंडळाच्या पोरांनी मला माईक दिला, वहिनी म्हणून. मी म्हणाले, हिरा मायाळू होती. ते खोटं न्हाय. मंडळाच्या हॉलात फळीवर तिचं नाव हाय, ते खोडा असं मी म्हणणार न्हाय. मेलेल्या बाईचं नाव कशाला खोडायचं.

मंडळ यंदा पुन्हा पोरींचा संघ काढतंय, सुनांनाही घेणार म्हणतात. हे वाचणाऱ्याला माझं एकच सांगणं हाय. तुमच्या घरची सून खेळायला निघाली तर अर्जावर तिचं नाव लिहा, तिच्यासमोर लिहा, आन् तिला वाचून दाखवा.