उंबऱ्यावरची धून

बुधवारी सकाळी सहा चाळीसला बेलाईद दारातल्या दगडावर बसून घैत्याची पत्ती तासत होता. घैता म्हणजे आपल्या सनईच्या नात्यातलं वाद्य. एकाहत्तराव्या वर्षीही बेलाईद गालात हवा धरून ते अखंड वाजवायचा. हात कामात होते, नजर मात्र समोर अंजिराखाली ढोलाच्या दोऱ्या ओढणाऱ्या हमीमीवर. हमीमी चाळीस वर्षांचा साथीदार, आणि परवापासून बेलाईदच्या लेखी चोर.

बेलाईदच्या घराण्याची एक धून होती. नवरी बापाचा उंबरा ओलांडते, तेवढ्यापुरतीच ती वाजवायची. एरवी वाजवली तर घरातलं माणूस जातं, असा समज. बेलाईदने ती कधी सरावालाही घेतली नाही. रेडिओवाल्यांना दोनदा रिकाम्या हाती परत पाठवलं. आणि सोमवारी दरीपलीकडच्या लग्नात कुणीतरी तीच धून वाजवली, तिसऱ्या ओळीतल्या वळणासकट.

"घसा बसलाय का, दादा? सकाळपासून गप्प आहेस," हमीमी म्हणाला.

"पलीकडच्याला किती दिवस शिकवलंस?"

"मी? मला धड शीळ घालता येत नाही."

"चाळीस वर्षं शेजारी उभा होतास. कान तर होते."

"होते. तुझ्या शेजारी उभं राहूनच गेले."

बेलाईद हसला नाही. उद्याच्या लग्नाला दुसरा ढोलवाला घ्यायचं त्याच्या मनात पक्कं होतं. निरोप तेवढा जायचा होता.

कॉफी घेऊन आलेली त्याची बायको वेर्दिया म्हणाली, "काल म्हणालात तसा बोलवा दुसरा ढोलवाला. पण पलीकडे वाजवतो तो जोहराचा मुलगा. खालच्या आळीतली जोहरा. तुम्हीच वाजवत तिला सासरी पाठवलंत."

"एकदा ऐकून कुणी शिकतं?"

"तिच्याआधी सहा बहिणी त्याच उंबऱ्यावरून सासरी गेल्या. पुढे जोहरा मुलाच्या पाळण्याशी तीच धून गुणगुणायची. मी ऐकलंय."

"आणि बोलली नाहीस?"

"विचारलंत कुठे? तुम्हाला चोर पुरुषच हवा होता."

पंचेचाळीस वर्षांत दरीच्या दोन्ही अंगांना किती नवऱ्या पोचवल्या, आणि त्यांतल्या किती जणी ती धून गुणगुणत असतील, याचा बेलाईदला अंदाज लागेना. त्याने बायकोकडे निरखून पाहिलं.

"तूही गुणगुणतेस?"

वेर्दिया कप उचलून आत गेली.

"दोऱ्या घट्ट कर," तो हमीमीला म्हणाला. "आणि उद्या माझ्या डाव्या हाताला उभा राहा. दिसत राहशील असा."

लग्नाच्या गावी जाणारी गुरुवारची व्हॅन साडेआठला चौकातून सुटते. चालकाने पुढच्या दोन जागा या दोघांसाठी राखल्या आहेत.