काढून टाकलेलं संगीत

माझा नवरा मरीन इंजिनिअर होता. बोटीवरच हार्टअटॅकने गेला. पुण्याला सगळं उरकून मी सिंगापूरला, बिशानच्या फ्लॅटवर परत आले आणि कामावर रुजू झाले. लोक म्हणायचे, धीराची आहे. धीर कसला? मला काही होतच नव्हतं. भात शिजायचा, एमआरटी यायची, मी चढायचे.

मुलीचा शनिवारचा पियानोही चालू राहिला. शिकवणारे म्हातारे बल्गेरियन गृहस्थ आमच्याच ब्लॉकमध्ये, आपल्या लेकीकडे राहायचे. लेक नोव्हेनाच्या हॉस्पिटलात डॉक्टर. सोफियात त्यांनी चाळीसेक सिनेमांना संगीत दिलं होतं. मग सरकार बदललं, सरकारी स्टुडिओ बंद पडला, वादक पांगले. काही दिवस साबणाच्या जाहिराती केल्या, नंतर त्याही मिळेनात. हे सगळं ते अगदी सहज सांगायचे, बदलीच्या गावांबद्दल सांगावं तसं.

एकदा क्लास संपल्यावर म्हणाले, "बसा जरा. माझा एक सिनेमा दाखवतो."

त्यांनी व्हीसीडी लावली. कृष्णधवल सिनेमा. खाणीत नवरा मेल्याचं एका बाईला नुकतंच कळलेलं असतं. ती बटाटे सोलायला बसते आणि सोलतच राहते. आवाज फक्त सुरीचा.

"इथे माझं संगीत होतं," ते म्हणाले. "मी केलेलं सगळ्यात चांगलं. वाजवताना वादक रडले होते. दिग्दर्शकाने सगळं काढून टाकलं."

"का?"

"म्हणाला, तिला अजून काही वाटत नाहीये, आणि तू आधीच रडायला लागलास. वर्षभर मी त्याच्याशी बोललो नाही. मग एकदा लोकांत बसून सिनेमा पाहिला. थिएटरात कुणी खोकलंसुद्धा नाही. त्याचंच बरोबर होतं."

मी विचारलं, "मग तिला वाटतं कधी?"

"माहीत नाही. सिनेमा त्याआधीच संपतो."

"अंकल, ते म्युझिक प्ले करा लाह," मुलगी इथल्या पोरांच्या ढंगात म्हणाली.

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. मी मान हलवली. त्यांनी वाजवलं. सुंदर असावं, कारण मुलगी मला बिलगून हुंदके देऊ लागली. बाप गेल्यावर ती पहिल्यांदाच रडत होती. मी तिच्या केसांवरून हात फिरवत राहिले. कुणाच्या तरी घरून तळलेल्या लसणीचा वास येत होता.

"मला रडू येत नाही," मी त्यांना म्हणाले.

"नका रडू. मी त्यासाठी वाजवलं नाही."

पुढे सोफियात त्यांचे जुने सिनेमे पुन्हा दाखवायचं ठरलं. ते गेले आणि तिकडेच राहिले. त्याच हिवाळ्यात वारले. त्यांच्या लेकीने मला लिफ्टपाशी सांगितलं. मी तिला घरी नेलं, चहा दिला, ती रडत होती तोवर शेजारी बसले.

मला रडू आलं ते त्यानंतर कितीतरी महिन्यांनी, भर दुपारी ऑफिसात, प्रिंटरमध्ये कागद अडकला म्हणून.