येथे गोरे करून मिळत नाही

डॉ. वेणूताई सोनटक्के यांची आणि माझी पहिली भेट माझ्या कपाळामुळे झाली. मुंबईच्या रुग्णालयातली नोकरी सोडून एका बाईंनी दिल्ली दरवाज्याजवळ कातडीचा दवाखाना काढला आहे, अशी खबर आली आणि आमच्या दैनिकाचा वार्ताहर या नात्याने मी तेथे गेलो. त्याला आता बारा-तेरा वर्षे झाली. दारावर पाटी होती. वर ‘त्वचेचे विकार’, त्याखाली ‘वेळ : सूर्योदय ते सूर्यास्त’ आणि सर्वांत खाली, जरा लहान अक्षरांत, ‘येथे गोरे करून मिळत नाही’. दार उघडण्याआधीच निम्मे गिऱ्हाईक परत पाठवणारी पाटी मी तोवर पाहिली नव्हती.

आत जाऊन मी माझे येण्याचे प्रयोजन सांगितले. डॉक्टरबाईंनी ते ऐकले असावे, पण त्यांचे लक्ष माझ्या कपाळावरच्या गंधाकडे होते. त्यांनी मला हाताला धरून खिडकीपाशी नेले.

“हे किती दिवस खाजतंय?”

“दोनेक वर्षं,” मी म्हणालो. “पण मी बातमीसाठी आलोय.”

“दवाखाना उघडला ही काय बातमी झाली? हे गंध कुठून आणता?”

मी दुकानाचे नाव सांगितले. त्यावर त्या म्हणाल्या, “शास्त्रीबुवा, हे देवाला लावा, स्वतःला लावू नका. देव दगडाचा आहे, त्याला खाज सुटत नाही.”

पाठशाळेत आठ वर्षे काढलेल्या माणसाला देवाविषयी इतके नेमके वाक्य कोणी ऐकवले नव्हते. पंधरा दिवसांत कपाळ स्वच्छ झाले. पुढे त्यांनी मला उगाळलेल्या साध्या चंदनाची मुभा दिली, तीही आधी कानामागे दोन दिवस लावून पाहण्याच्या अटीवर. बातमी मात्र त्यांनी छापू दिली नाही. तेव्हापासून मी त्यांचा ‘शास्त्रीबुवा’ आणि त्या माझ्या ‘ताई’.

ताईंच्या साठीनिमित्त निघणाऱ्या या ग्रंथात त्यांच्या विद्वत्तेविषयी लिहिणारे अधिकारी पुरुष पुष्कळ आहेत. मी लिहिणार आहे ते माझ्या एका अपराधाविषयी आणि ताईंनी त्याचे जे केले त्याविषयी. गौरवलेखात अपराधाची कथा सांगणे शिष्टसंमत नाही, हे मला ठाऊक आहे. पण ती वगळून त्यांच्याविषयी खरे असे काही मला लिहिता येणार नाही.

तीन वर्षांपूर्वी आपल्या शहरात एक सौंदर्यकेंद्र निघाले. त्याचे नाव येथे देत नाही, ते आता बंद झाले आहे. उद्घाटनाला मी होतो. भिंतीभर आरसे, भर दुपारी लावलेल्या नळीच्या दिव्यांचा दुधासारखा उजेड, आणि त्या उजेडात प्रत्येक पाहुणा दोन आणे अधिक उजळ दिसत होता. मीसुद्धा. मालकांनी पेढे दिले आणि ‘आठ दिवसांत नैसर्गिक गोरेपणा’ असे शब्द दिले. आठ दिवसांत येणारी वस्तू नैसर्गिक कशी, हा प्रश्न तर्कशास्त्राच्या पहिल्या पाठातला. तो मला सुचला नाही. मला सुचल्या त्या उपमा. संस्कृत पढलेल्या माणसाच्या हाती मुख हा विषय लागला की चंद्र आणि कमळ आवरत नाहीत. मी अर्धा स्तंभ लिहिला. त्यात ‘नगरच्या ललनांच्या मुखी आता चंद्रकांती अवतरणार’ असे एक वाक्य होते. संपादकांना ते फार आवडले.

काष्टीला माझी थोरली बहीण दिलेली आहे. आम्ही तिला आक्का म्हणतो. तिची मुलगी नलिनी तेव्हा नुकतीच शिक्षिका झाली होती. मुलगी हुशार, नाकीडोळी नीटस, आणि रंगाने आक्कासारखी सावळी. तिला पाहायला श्रीरामपूरकडचे एक स्थळ यायचे ठरले होते. मामाने लिहिलेली बातमी तिने कात्रीने कापून पाकिटात ठेवली, आणि मला न सांगता मायलेकी काष्टीच्या एसटीने येऊन त्या केंद्रात जाऊन आल्या. मला का विचारायचे? मी तर छापूनच सांगितले होते.

तिसऱ्या आठवड्यात दोघी माझ्या दारात उभ्या राहिल्या. नलिनीने तोंडावरून पदर काढला. दोन्ही गालांवर आणि हनुवटीवर काजळी धरल्यासारखे काळपट डाग पडले होते, आणि त्यांच्या कडा लाल होऊन सोलवटल्या होत्या. तिने ते कात्रण काढून माझ्यापुढे धरले.

“मामा, हे तुम्हीच लिहिलं होतं ना?”

तिच्या आवाजात राग नव्हता. तो असता तर मला सोपे गेले असते.

आक्का म्हणाली, “बापू, तो माणूस म्हणतो आणखी एक डबी लावा, आठ दिवसांत साफ होईल. पाहुणे पंधरा दिवसांनी येणार. काय करू सांग. पलीकडं विहीर आणि अलीकडं आड झालाय.”

मी दोघींना ताईंकडे नेले. दाराशी आक्काने पाटी वाचली आणि जागीच थांबली. “अरे, हिथं तर गोरंच करत न्हाईत!”

“म्हणूनच आणलंय,” मी म्हणालो.

ताईंनी नलिनीला खिडकीच्या उजेडात बसवले. तिने आणलेली डबी उलटसुलट करून पाहिली. तीत काय आहे, कोणी बनवले, यातले एक अक्षर तिच्यावर नव्हते. बहुधा पारा असावा, असे त्या म्हणाल्या आणि डबी कपाटात ठेवून कुलूप लावले. मग त्यांनी नलिनीचा हात कोपरापाशी धरून उताणा केला आणि ऊन न लागलेली आतली बाजू उजेडाकडे वळवली.

“हा तुझा रंग. मी तुला इथपर्यंत परत आणू शकते. याच्या पुढचा माझ्याकडे नाही, आणि कोणाकडे असला तर घेऊ नकोस.” मग आक्काकडे वळून, “तुमचा हात द्या बघू.” मायलेकींचे हात शेजारी शेजारी ठेवले. दोन्ही एकाच गव्हाच्या पोळीचे. “बघितलंत? हा तुम्ही दिलेला आहे. दवाखान्यात बदलून मिळत नाही.”

आक्काला रडू आले. “पण डॉक्टरबाई, पाहुणे!”

“चार महिने लागतील. त्यांना पुढं ढकला.”

“चार महिने कोण थांबतं? स्थळ जाईल.”

“जाईल कदाचित,” ताई म्हणाल्या. एखादा डॉक्टर येथे काहीतरी गोड बोलला असता. “वर पावडर थापून तुम्ही त्यांना दुसराच चेहरा दाखवू शकता. तो लग्नानंतर रोज सकाळी धुतला जाईल. पण मी तुम्हाला का विचारतेय? चेहरा हिचा आहे. तू सांग गं.”

नलिनीने स्वतःचा हात पुन्हा उजेडात धरला. मग म्हणाली, “आधी होता तेवढाच करा. तो काही वाईट नव्हता.”

स्थळ गेले. पाहुण्यांना खरे कारण कळवले, त्यांनी ‘पुढे पाहू’ असे उत्तर धाडले आणि पुढे पाहिले नाही. त्या दिवशी आक्का माझ्याशी बोलली नाही. त्यानंतरही बरेच दिवस.

रोज काष्टीहून ये-जा करणे उन्हामुळे बरे नव्हते, म्हणून शाळेतून रजा काढून नलिनी ताईंच्या घरी राहिली. ही व्यवस्था ताईंनीच परस्पर केली. झिंकचे मलम, कॅलामाइनचे गुलाबी पाणी, साबण बंद, बाहेर पडताना छत्री, एवढाच उपचार होता. मला वाटले, मुलीला आतल्या खोलीत निवांत ठेवतील. दुसऱ्या दिवशी जाऊन पाहतो तो ताईंनी तिला दवाखान्याच्या दाराशी टेबल मांडून बसवलेले. येणाऱ्या प्रत्येक रोग्याचे नाव-गाव कागदावर उतरवण्याचे काम दिलेले. चेहरा लपवायला आलेल्या मुलीला त्यांनी तालुक्याच्या समोर बसवले होते.

मी आत जाऊन रागाने म्हणालो, “ताई, हे क्रौर्य आहे.”

“असेल. दोन दिवस बघू. तिला सोसलं नाही तर आत घेईन.”

दोन दिवस नलिनी पदर नाकापर्यंत ओढून लिहीत होती. तिसऱ्या दिवशी पाथर्डीकडची एक बाई आली. ऊसतोडीला जाणारी, पाचटाने हात कापलेले, गालावर उन्हाचे वांग. नाव सांगता सांगता तिने सरळ विचारले, “पोरी, तुझ्या तोंडाला काय झालं गं?”

नलिनीने सांगितले.

“आगं बया! म्या बी तितंच जानार हुते. जावेनं सांगितलं, दोन डब्यात मडमेवानी हुशील.” मग त्या बाईने तिचा पदर स्वतःच बाजूला करून नीट पाहिले आणि म्हणाली, “बरं झालं तू हितं बसलीस. न्हाईतर आमाला कोन सांगनार हुतं?”

त्यानंतर पदर पुन्हा नाकावर आला नाही. कोणी विचारले की नलिनी सांगे. काही दिवसांनी कोणी न विचारताही सांगू लागली. त्या केंद्रातून पोळून आलेल्या सात-आठ जणी एकेक करून त्या टेबलापाशी आल्या. त्यांतली एक तर तेथपर्यंत येऊन परत निघाली होती. नलिनीचा चेहरा पाहून थांबली.

मग माझी पाळी आली. एका संध्याकाळी ताई म्हणाल्या, “शास्त्रीबुवा, तुम्ही एक लिहिलंत, आता दुसरं लिहा. कोणाच्याही हाती चेहरा देण्याआधी बाईनं काय बघावं, ते. आणि चंद्र-कमळ नको.”

त्या सांगत गेल्या, मी टिपत गेलो. उपचार करणारा दिवसाच्या उजेडात तपासतो की दिव्याखाली, ते बघा. डबीवर काही लिहिलंय का, आणि नसेल तर विचारल्यावर सांगतो का की हसतो. आधी काय लावत होतात हे त्यानं विचारलं का. कानामागे लावून दोन दिवस थांबायला तयार आहे का. दुसऱ्या दिवशीचं गिऱ्हाईक कोणीही दाखवेल, सहा महिन्यांपूर्वीचं दाखवा म्हणावं. आणि सगळ्यांत महत्त्वाचं, तो कधी कोणाला ‘तुम्हाला याची गरज नाही’ म्हणून परत पाठवतो का. “जो कोणालाच परत पाठवत नाही,” ताई म्हणाल्या, “त्याच्याकडून तुम्हीच परत या.”

मी म्हणालो, “शेवटी आपल्या दवाखान्याचा पत्ता देतो.”

“मुळीच नाही. माझं नाव घालायचं नाही. त्याचंही घालायचं नाही. तुमचं घाला. आधी काय छापलं होतंत तेही घाला.”

संपादकांनी तो मजकूर दोनदा वाचला. “शास्त्री, वार्ताहरच चुकलो म्हणायला लागला, तर उद्या लोक पावसाच्या बातमीवर तरी विश्वास ठेवतील का?” असे म्हणून त्यांनी तो तिसऱ्या पानावर, ज्वारी-बाजरीच्या भावाखाली लावला. बाजारभाव सगळेच वाचतात, हे त्यांच्या ध्यानात आले नसावे. पुढे कितीतरी बायकांच्या पिशवीत मला ते कात्रण दिसले. माझ्या हातून लिहिले गेलेले, उपमा नसलेले ते पहिले गद्य.

चार महिन्यांचे साडेपाच झाले. ताईंचा अंदाज चुकला आणि त्यांनी तो चुकल्याचे आक्काला आपण होऊन पत्राने कळवले. एके सकाळी खिडकीपाशी नलिनीचा गाल आणि तिचा उताणा हात यांत फरक काढता येईना. ताईंनी चष्मा लावून पाहिले, काढून पाहिले, आणि “जा आता शाळेत” एवढेच म्हणाल्या. मग बराच वेळ कपाटात काहीतरी शोधत राहिल्या. त्यात शोधण्यासारखे काही नव्हते, हे मला माहीत आहे.

गेल्या वर्षी नलिनीचे लग्न झाले. नवरा नागापूरच्या नव्या कारखान्यांपैकी एकात कामाला आहे. यंत्राच्या तेलाने हातांना पुरळ आले म्हणून तो दवाखान्यात आला होता, आणि सुटीच्या दिवशी मदतीला आलेल्या नलिनीने त्याचे नाव-गाव लिहून घेतले होते. पुढचे त्याने आपण होऊन सांगितले. लग्नाच्या सकाळी नवरीला सजवणाऱ्या बायकांनी पांढरी पावडर काढली, तेव्हा नलिनीने मुकाट्याने हात उताणा करून त्यांच्यापुढे धरला. “एवढाच रंग दिसू द्या,” ती म्हणाली. आक्का शेजारीच होती. तिने पावडरीचा डबा उचलून फळीवर ठेवून दिला. आणि मग, दोन वर्षांत पहिल्यांदाच, मला हाक मारून म्हणाली, “बापू, जेवून घे, उभा काय राहिलास?”

ताईंचे दोष सांगितल्याशिवाय लेख पुरा होणार नाही. त्यांचा चहा हा औषधाचाच एक प्रकार आहे. सूर्यास्तानंतर त्या कोणालाही तपासत नाहीत. एका पुढाऱ्यांच्या पत्नी मोटारीतून दिवेलागणीला आल्या, तेव्हा “उद्या उजेड घेऊन या” असे त्यांना ऐकावे लागले. जगाच्या कातडीची काळजी घेणाऱ्या या बाईंचे स्वतःचे हात कार्बोलिकच्या साबणाने भेगाळलेले आहेत. यंदाच्या दुष्काळात दर गुरुवारी त्या पाथर्डीकडे खडी फोडायच्या कामांवर जातात, बायकांच्या उन्हाने फुटलेल्या हातातोंडाला मलम देतात, आणि स्वतः बिनछत्रीच्या येतात. याविषयी बोललेले त्यांना ऐकू येत नाही.

या ग्रंथासाठी समितीने त्यांचे छायाचित्र काढवले. छायाचित्रकाराने रीतीप्रमाणे पेन्सिलीने सुरकुत्या पुसून, वर्ण उजळून ते आणले. ताईंनी ते पाहिले आणि म्हणाल्या, “या बाई छान आहेत. सत्कार यांचाच करा.” वाचकांना या ग्रंथात दिसेल ते दुसरे छायाचित्र आहे. खिडकीपाशी, सकाळी काढलेले.

त्यांचे नाव छापायची परवानगी मागायला मी गेलो, तेव्हा पहिल्या भेटीसारखेच त्यांनी माझ्या कपाळाकडे पाहिले. मग म्हणाल्या, “स्तुती करणार असाल तर आधी दोन दिवस कानामागे लावून पाहा. आग झाली तर पुसून टाका.”

म्हणून हा लेख लिहून मी दोन दिवस ठेवला. नलिनीला वाचायला दिला, आक्काला वाचून दाखवला. आग झाली नाही. आक्काने एकच दुरुस्ती सुचवली, ‘शतायुषी व्हा’ असे लिही. मी तिला म्हटले, ताई विचारतील, शंभरावर थांबायचे कारण काय? तेव्हा एवढेच मागतो, की त्यांच्या पूर्वेच्या खिडकीत रोज ऊन यावे, ते पाहायला त्यांचे डोळे आणि कोणाचाही हात उताणा करून धरायला त्यांचे भेगाळलेले हात पुष्कळ, पुष्कळ वर्षे धडधाकट राहावेत, आणि आमच्या लेकीबाळींना आपला रंग कोणता हे सांगणारे माणूस या गावात सूर्योदय ते सूर्यास्त भेटत राहावे.